परवाना नाकारा, पण कारण लिहा

बंदुकीचा परवाना एकदा हातात पडला की जन्माची सोय झाली, असा समज गावोगाव आढळतो. प्रत्यक्षात तो पाच वर्षांचा कागद आहे. मुदत भरत आली की पुन्हा अर्ज, पुन्हा पोलिस ठाण्याची चौकशी, पुन्हा जिल्हादंडाधिकाऱ्यांची सही. आणि पंचवीस वर्षे होत आलेली सही या वेळीही होईलच, याची खात्री कोणी देत नाही. ‘पोलिस अहवाल प्रतिकूल असल्याने नूतनीकरणाचा अर्ज नामंजूर’ एवढ्या एका ओळीवर सगळे संपू शकते. नूतनीकरण नाकारण्याचा अधिकार कायद्याने अधिकाऱ्याला नक्कीच दिला आहे. एका ओळीत नाकारण्याचा मात्र दिलेला नाही.

अहिल्यानगर जिल्ह्यात हा प्रश्न तीन वेगवेगळ्या दारांतून आत येतो. चौदा तालुक्यांचा, 17 हजार चौरस किलोमीटरहून मोठा, क्षेत्रफळात राज्यात पहिला असलेला हा जिल्हा. आर्मर्ड कोअर सेंटर अँड स्कूल आणि मेकॅनाइज्ड इन्फन्ट्री रेजिमेंटल सेंटर या लष्कराच्या दोन मोठ्या संस्था नगर शहरालगत आहेत आणि पारनेर, श्रीगोंद्याकडच्या गावांतून पलटणीत जाणारी घरेही पुष्कळ. निवृत्त झालेला जवान स्वतःच्या नावावर बारा बोरची बंदूक घेतो आणि एखाद्या बँकेच्या किंवा पतसंस्थेच्या दारात उभा राहतो. दुसरा अर्जदार गावापासून लांब, उसात वस्ती करून राहणारा शेतकरी. तिसरा सराफ, ठेकेदार किंवा पुढारी. त्याला कमरेला पिस्तूल हवे असते. तिघांचे अर्ज एकाच गृह शाखेत, एकाच नमुन्यात येतात. कायदा मात्र तिघांना एकाच मापाने मोजत नाही.

मुळात हक्क कशाचा?

1878 च्या ब्रिटिश कायद्याने हिंदी माणसाच्या हातातले शस्त्र परवान्याला बांधले आणि युरोपियनांना त्यातून सूट ठेवली. स्वातंत्र्यानंतर त्या जागी 1959 चा शस्त्र अधिनियम आला; तो 1 ऑक्टोबर 1962 पासून लागू आहे. तपशिलाचे नियम 2016 साली नव्याने झाले. 2019 च्या दुरुस्तीने एका माणसाला जास्तीत जास्त तीनऐवजी दोनच बंदुका ठेवता येतील असे ठरले, परवान्याची मुदत तीनवरून पाच वर्षे झाली आणि लग्न-मिरवणुकीत हवेत बार काढणे हा स्वतंत्र गुन्हा झाला.

शस्त्र बाळगणे हा आपल्याकडे मूलभूत हक्क नाही. 1993 मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने अल्मोड्याच्या एका प्रकरणात तसा हक्क जगण्याच्या हक्कातच असल्याचे म्हटले होते. पुढे त्याच न्यायालयाच्या पूर्ण पीठाने ते मत पुसून टाकले. फेब्रुवारी 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही बेकायदा शस्त्रांविषयी चिंता व्यक्त करताना अमेरिकेशी तुलना केली आणि आपल्या घटनाकारांनी असा हक्क दिलेला नाही, याची आठवण करून दिली. म्हणजे ‘बंदूक माझा हक्क आहे’ असे म्हणत कोणी न्यायालयात गेला तर हात हलवत परत येईल. ‘माझ्या अर्जाचा निर्णय कायद्यात दिलेल्या कारणांवर, माझी बाजू पाहून आणि कारणे लिहून झाला पाहिजे’ असे म्हणत गेला, तर त्याच्या पायाखाली जमीन आहे.

ही जमीन शस्त्र अधिनियमाच्या कलम 15 मध्ये आहे. प्राधिकाऱ्याने कारणे लेखी नोंदवून वेगळे ठरवले नाही, तर परवाना मूळ मुदतीइतक्याच काळासाठी आणि वेळोवेळी नूतनीकरणास पात्र असेल, असे त्याचे तिसरे पोटकलम सांगते. वाक्याची मांडणी पाहण्यासारखी आहे. नूतनीकरण हा नेम आणि नकार हा अपवाद. आणि त्या अपवादालाही लेखी कारणाची अट. त्याच पोटकलमात पुढे म्हटले आहे की नवा परवाना देताना जी कलम 13 आणि 14 लागू होतात, तीच नूतनीकरणालाही लागू होतील. म्हणून ‘जुना परवानाधारक आहे, मिळायलाच हवे’ हे जसे चूक, तसेच ‘नूतनीकरण आमच्या मर्जीवर’ हेही चूक.

नकाराची कारणे कोणती?

कलम 14 मध्ये नकाराची कारणे मोजून दिलेली आहेत. या कायद्याने किंवा दुसऱ्या एखाद्या कायद्याने त्या माणसाला शस्त्र बाळगायला मनाई असणे. तो मनाने अस्थिर असणे. इतर कोणत्याही कारणाने परवान्यास अपात्र असणे. आणि सार्वजनिक शांतता किंवा सुरक्षितता यांसाठी नकार आवश्यक वाटणे. माणसाकडे पुरेशी मालमत्ता नाही एवढ्यावर नकार देता येणार नाही, असेही कायदा आवर्जून सांगतो. गुंठाभर जमीन नसलेला सुरक्षारक्षक आणि दोनशे एकरांचा धनी इथे एका ओळीत उभे राहतात.

यातले ‘इतर कोणत्याही कारणाने अपात्र’ हे शब्द ऐकायला अमर्याद वाटतात आणि बहुतेक वाद त्यांच्याभोवतीच फिरतात. परंतु अपात्रता ही त्या माणसाची असावी लागते आणि तसे मानायला काही आधार लागतो. दारू पिऊन बंदूक काढणे, काडतुसांचा हिशेब न लागणे, शस्त्र दुसऱ्याच्या हाती देणे, घरच्यांना त्याच्या जोरावर धमकावणे ही वागणूक अपात्रतेत सहज बसते. भावकीच्या बांधाच्या भांडणात समोरच्याने दिलेला एक तक्रारअर्ज, एवढ्याने ती आपोआप सिद्ध होत नाही.

‘जिवाला धोका दिसत नाही’ हे कारणही वारंवार पुढे येते. इथे हत्यार कोणते, हे आधी पाहावे लागते. कलम 13 मध्ये दोन कप्पे आहेत. निदान वीस इंच नळीची, आतून गुळगुळीत असलेली बंदूक संरक्षणासाठी किंवा खेळासाठी हवी असेल, अथवा पीक राखायला ठासणीची बंदूक हवी असेल, तर ती पहिल्या कप्प्यात. आपली नेहमीची बारा बोर यातच येते. पिस्तूल, रिव्हॉल्व्हर आणि बाकीची परवानायोग्य हत्यारे बहुतांशी दुसऱ्या कप्प्यात पडतात. तिथे अर्जदाराकडे सबळ कारण आहे अशी प्राधिकाऱ्याची खात्री पटावी लागते. त्यामुळे पिस्तूलवाल्या ठेकेदाराला ‘आता तुमचा व्यवसायच बंद आहे, मग गरज कसली?’ असे विचारणे कायद्याला धरून आहे. वस्तीवर राहणाऱ्या शेतकऱ्याच्या बारा बोरला तोच प्रश्न जसाच्या तसा लावून नकार देणे मात्र अवघड आहे. तिथे नकार द्यायचाच तर कलम 14 मधले कारण शोधावे लागेल आणि ते कागदावर आणावे लागेल.

अहवाल पोलिसांचा, निर्णय कोणाचा?

अर्ज आता ऑनलाइन प्रणालीवर भरला जातो आणि प्रत्येक परवानाधारकाला एक विशिष्ट ओळख क्रमांक असतो. पण फाइलचा खरा प्रवास अजून जुन्याच वाटेने होतो. जिल्हाधिकारी कार्यालय, पोलिस अधीक्षक, तिथून संबंधित ठाणे. ठाण्यात हवालदार गुन्हे अभिलेख पाहतो, जबाब घेतो, हत्यार पाहतो आणि शेवटी ‘शिफारस आहे’ किंवा ‘शिफारस नाही’ असा अभिप्राय वर पाठवतो. नव्या परवान्यासाठी हा अहवाल देण्याला नियमांनी 30 दिवस दिले आहेत. वेळेत अहवाल आला नाही तर त्याची वाट न पाहता आदेश काढण्याची मुभा कायदाच प्राधिकाऱ्याला देतो. याचा अर्थ सरळ आहे. अहवाल हे निर्णयाचे साधन आहे, निर्णय जिल्हादंडाधिकाऱ्यांचा.

याच मुद्द्यावर सर्वोच्च न्यायालयाचा एक जुना आणि अजूनही जिवंत असलेला निकाल आहे, आणि तो मुंबईचा आहे. गोरधनदास भानजी यांना अंधेरीत चित्रपटगृह बांधायचे होते. जुलै 1947 मध्ये मुंबईच्या पोलिस आयुक्तांनी त्यांना परवानगी दिली. दोन महिन्यांनी, सप्टेंबरात, आयुक्तांचेच पत्र आले. सरकारने कळवायला सांगितले आहे की ती परवानगी रद्द करण्यात येत आहे, असा त्याचा आशय होता. नियमाप्रमाणे परवानगी देण्या-काढण्याचा अधिकार एकट्या आयुक्तांचा होता. न्यायालयात पुढे असे सांगण्याचा प्रयत्न झाला की निर्णय आयुक्तांनी स्वतःच विचार करून घेतला होता. नोव्हेंबर 1951 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे मान्य केले नाही. पत्रातून जे दिसते ते सरकारचे फर्मान आहे, आयुक्तांचा निर्णय नव्हे. आणि सार्वजनिक अधिकाऱ्याचा आदेश त्याच्या शब्दांवरूनच वाचायचा असतो, मागाहून दिलेल्या खुलाशावरून नाही, असे न्यायमूर्ती विवियन बोस यांच्या निकालाचे सार आहे. आयुक्तांनी स्वतःचे डोके चालवून काय ते ठरवावे, असे न्यायालयाने सांगितले. 1977 च्या मोहिंदर सिंग गिल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच तत्त्व पुन्हा ठामपणे मांडले: आदेशात नसलेली कारणे नंतर प्रतिज्ञापत्रातून त्याला चिकटवता येत नाहीत.

चित्रपटगृहाच्या जागी बंदूक ठेवली तरी हा धडा तंतोतंत लागू पडतो. ‘पोलिस अहवाल प्रतिकूल’ या ओळीतून अहवालात काय होते हे कळत नाही, अर्जदाराचे म्हणणे काय होते हे कळत नाही आणि प्राधिकाऱ्याने दोन्ही तोलून पाहिले का, हेही कळत नाही. कचेरीच्या भाषेत याला स्वयंस्पष्ट नसलेला आदेश म्हणतात. अहवालात ‘अर्जदार तापट आहे’ एवढेच असेल, तर असे कशावरून, हे प्राधिकाऱ्याने विचारायला हवे. आणि ज्या मजकुरावर विसंबून नकार द्यायचा, तो अर्जदाराला सांगून त्याचा खुलासा घेणे हाच सुरक्षित रस्ता आहे. कारणे दाखवा नोटीस त्यासाठीच असते. आदेश निघाल्यावर मागणी केल्यास कारणांचे संक्षिप्त निवेदन द्यावे लागते. लोकहिताला बाधा येईल असे वाटल्यास ते रोखता येते, पण तेव्हाही कारणे फाइलवर लिहिलेली असावीच लागतात.

गुन्हा दाखल आहे, मग?

सर्वाधिक गैरसमज इथे आहे. कायद्याच्या कलम 9 ने दिलेली मनाई नेमकी आहे. हिंसाचाराच्या किंवा नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात दोषी ठरून कैदेची शिक्षा झालेली असेल, तर ती भोगून झाल्यावर पाच वर्षांपर्यंत शस्त्र बाळगता येत नाही. शांतता राखण्याचा किंवा चांगल्या वर्तणुकीचा बंधपत्र देण्याचा आदेश झालेला असेल, तर त्या बंधपत्राच्या मुदतीपर्यंत येत नाही.

दुसरी अट गावाकडे फार महत्त्वाची ठरते. ग्रामपंचायतीची निवडणूक लागली की दोन्ही पार्ट्यांच्या माणसांवर ‘चॅप्टर केस’ होतात. पूर्वी हे फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 107 खाली चाले. जुलै 2024 पासून नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 126 खाली चालते. नोटीस आली, तहसीलदारांपुढे तारखा झाल्या, निवडणूक संपली आणि प्रकरण विरून गेले, असेच पुष्कळदा घडते. अशा वेळी पोलिसांच्या नोंदीत ‘प्रतिबंधक कारवाई’ म्हणून नाव राहते. पण कायद्याची मनाई बंधपत्राच्या आदेशाला आहे, नोटिशीला नाही, आणि तीही मुदतीपुरतीच. सात वर्षांपूर्वीची नोटीस आज नकाराचे एकमेव कारण म्हणून पुढे आली, तर अपिलात ती टिकवणे कठीण जाईल.

प्रलंबित गुन्ह्याचे गणितही असेच आहे. देशात सर्वाधिक शस्त्र परवाने उत्तर प्रदेशात, त्यामुळे या विषयावरचे निकालही अलाहाबाद उच्च न्यायालयात सर्वाधिक सापडतात. निव्वळ गुन्हा दाखल आहे एवढ्यावर परवाना काढून घेता येत नाही, हे त्या न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे. त्या गुन्ह्यात परवान्याचे शस्त्र वापरले गेले का, माणसाच्या हाती ते राहिल्याने लोकांना धोका कसा, हे आदेशात यावे लागते. धनादेश न वटल्याचा खटला आणि खुनाच्या प्रयत्नाचा खटला यांना एकाच रकान्यात टाकून चालत नाही. उलट बाजूही तितकीच खरी: गंभीर हिंसक गुन्हे एकामागून एक दाखल होत असतील, तर शिक्षा होईपर्यंत थांबण्याची सक्ती प्राधिकाऱ्यावर नाही. सार्वजनिक सुरक्षिततेचे कारण त्याच्या हातात आहे. ते फक्त वस्तुस्थितीला जोडून दाखवायला हवे.

अभयारण्याच्या दहा किलोमीटरांत

अहिल्यानगरमध्ये एक मुद्दा असा आहे, जो शहरी जिल्ह्यांत कुणाच्या ध्यानीही येणार नाही. 1972 च्या वन्यजीव संरक्षण अधिनियमाच्या कलम 34 नुसार अभयारण्यात किंवा त्याच्या दहा किलोमीटरच्या आत राहणाऱ्या परवानाधारकाला आपले नाव वन खात्याकडे नोंदवावे लागते. त्या परिघात नवा परवाना द्यायचा तर मुख्य वन्यजीव रक्षकांची आधी सहमती लागते.

कर्जत तालुक्यातले रेहेकुरी हे काळविटांचे अभयारण्य जेमतेम सव्वादोन चौरस किलोमीटरचे आहे, पण त्याच्याभोवती दहा किलोमीटरचे वर्तुळ काढले की तीनशेहून अधिक चौरस किलोमीटरचा मुलूख त्यात येतो. अकोले तालुक्यात कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्याचा घेर याहून कितीतरी मोठा. सहमतीची अट मात्र ‘नव्या’ परवान्याला आहे. जुन्याचे नूतनीकरण म्हणजे नवा परवाना, असा अर्थ सरसकट लावणे कलमाच्या शब्दांत बसत नाही. नोंदणी केली आहे का, हे विचारणे रास्त. ‘अभयारण्य जवळ आहे’ म्हणून हात वर करणे रास्त नाही.

बिबट्याचे कारण पुढे करणाऱ्या अर्जदारानेही एक लक्षात ठेवावे. संगमनेर, राहुरी, अकोल्याच्या उसात बिबट्याची भीती खरी आहे. पण बिबट्या कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. जीव वाचवताना सद्हेतूने केलेल्या कृतीला कायद्यात संरक्षण आहे, शिकारीला नाही. ‘बिबट्या मारायला बंदूक हवी’ असे अर्जात लिहिणारा माणूस स्वतःच नकाराला कारण पुरवतो.

बीडने दाखवलेली दुसरी बाजू

जामखेड, पाथर्डीची शीव जिथे संपते तिथे बीड जिल्हा सुरू होतो. 9 डिसेंबर 2024 रोजी केज तालुक्यातील मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांची हत्या झाली. त्यानंतर जिल्ह्यात बाराशेहून अधिक शस्त्र परवाने असल्याचे पुढे आले, हवेत गोळीबार करणाऱ्यांच्या चित्रफिती फिरल्या आणि प्रशासनाने परवान्यांची झाडाझडती घेऊन अनेक परवाने रद्द केले. परवाने किती सैल हाताने दिले आणि चालू ठेवले गेले असतील, हा प्रश्न तेव्हा साऱ्या महाराष्ट्राने विचारला, आणि तो योग्यच होता.

पण अशा मोहिमेतच कायद्याच्या मर्यादा सर्वाधिक कामाच्या ठरतात. मुदतीच्या मध्ये परवाना रद्द करायचा तर कलम 17 आहे. त्यातली कारणेही ठरलेली: अपात्रता, सार्वजनिक सुरक्षितता, माहिती दडवून परवाना मिळवणे, अटींचा भंग, परवाना हजर करण्याच्या नोटिशीला न जुमानणे. शंभर परवाने रद्द करायचे असतील तर शंभर वेगळी कारणे लागतात. ‘जिल्ह्यातील परिस्थिती पाहता’ हा एकच परिच्छेद शंभर जणांना चिकटवला, तर त्यातले दमदार वकील असलेले आधी सुटतात.

निवडणुकीतही हेच. आचारसंहिता लागली की सगळ्यांच्या बंदुका ठाण्यात जमा, अशी पद्धत होती. हा वाद मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेला. निवडणूक आयोगाने आता जिल्ह्यात छाननी समिती बसवून प्रकरणागणिक विचार करायला सांगितले आहे. जामिनावर असलेले, गुन्हेगारी पार्श्वभूमीचे, पूर्वी दंगलीत सापडलेले यांच्याकडे आधी पाहायचे. बँकेच्या दारातल्या रखवालदाराची बंदूक त्यांच्याबरोबर उचलायची नाही.

नकार आल्यावर

अर्ज मुदतीच्या निदान 60 दिवस आधी करावा लागतो. चौकशीला याहून जास्त वेळ लागू शकतो हे धरून तो आणखी आधी केलेला बरा, आणि पोच जपून ठेवावी. मुदत संपली किंवा नकार आला, की हत्यार घरी ठेवणे धोक्याचे. कलम 21 प्रमाणे ते विनाविलंब जवळच्या ठाण्यात किंवा परवानाधारक शस्त्र विक्रेत्याकडे जमा करावे लागते. ‘अपील केले आहे’ म्हणून ते कपाटात ठेवून दिले तर विनापरवाना शस्त्राचा गुन्हा लागतो, आणि मग नकाराला नवे कारण मिळते.

अपिलाची मुदत आदेश मिळाल्यापासून 30 दिवसांची. जिल्हादंडाधिकाऱ्यांच्या आदेशावर विभागीय आयुक्तांकडे दाद मागायची. अहिल्यानगरसाठी ते नाशिकला. अपीलकर्त्याला म्हणणे मांडण्याची वाजवी संधी दिल्याखेरीज अपील निकाली काढता येत नाही, हे कलम 18 मध्येच आहे. एक खाच मात्र आहे: सरकारने स्वतः काढलेल्या किंवा सरकारच्या निर्देशावरून निघालेल्या आदेशावर असे अपील नाही. तिथे किंवा अपिलातही अपयश आल्यावर उच्च न्यायालयाची रिट उरते. रिटमध्ये न्यायालय सहसा ‘परवाना द्या’ म्हणत नाही. कारणाविना काढलेला आदेश रद्द करते आणि प्रकरण पुन्हा ठरवायला परत पाठवते.

इंग्लंडमध्येही बंदुकीचे प्रमाणपत्र पाच वर्षांचे असते. नूतनीकरण पोलिसप्रमुख नाकारू शकतो, पण त्यावर थेट क्राउन कोर्टात अपील होते. अमेरिकेत तर 2022 मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने, बाहेर शस्त्र बाळगायला खास कारण दाखवा ही न्यूयॉर्कची अटच घटनाबाह्य ठरवली. आपण या दोन्हींपासून वेगळे आहोत. आपल्याकडे हक्क नाही आणि पहिले अपील न्यायाधीशापुढे न जाता महसुली अधिकाऱ्यापुढेच जाते. म्हणूनच आदेशातल्या कारणांचे वजन आपल्याकडे जास्त आहे. पुढच्या प्रत्येक पायरीवर तपासायला हाती तेवढेच असते.

कारणे लिहिण्याची ही सक्ती परवानाधारकाचे लाड करण्यासाठी आहे, असे काही अधिकाऱ्यांना वाटते. हिशेब उलटा आहे. कारण न लिहिता काढलेला नकार ज्याच्याकडे वकील लावायला पैसे आहेत त्याला फारसा बाधत नाही. तो मुंबई किंवा औरंगाबाद खंडपीठातून आदेश रद्द करून आणतो, आणि ज्याच्या हातात बंदूक नको होती त्याच्याच हातात ती परत जाते. निवृत्त जवानाची मात्र तेवढ्यात नोकरी गेलेली असते. तारीख, घटना, साक्षीदार आणि खुलासा यांसह लिहिलेला दोन पानी नकार अपिलातही टिकतो आणि रिटमध्येही. गुंडाची बंदूक खरोखर काढून घ्यायची असेल, तर जिल्हाधिकाऱ्यांना ती दोन पाने लिहावीच लागतील.